थांब्या सुळका आणि त्याच्या सावलीचं टोक

थांब्या हा एका कल्पित जगातला सुळका आहे. सपाट माळावर एकटाच उभा, सुमारे २०० मीटर उंच, वर निमुळता होत गेलेला. त्याला हात लावला, पायथ्याशी झोप काढली, अगदी माथ्यावर चढून बसलं, तरी काही होत नाही. धोका आहे तो त्याच्या सावलीच्या टोकाचा. ते टोक अंगावरून गेलं की माणूस जागच्या जागी थांबतो. तो मरत नाही, दगड होत नाही, म्हाताराही होत नाही. पाऊल उचललेलं असेल तर उचललेलंच राहतं. पुन्हा कधीतरी तेच टोक त्याच जागेवरून जातं आणि तो राहिलेलं पाऊल टाकतो. मधले दिवस त्याच्या हिशोबात नसतात.

जादू एवढीच. बाकी या जगात सगळं आपल्यासारखं आहे: सूर्य, चंद्र, ऋतू, पाऊस, शेती, भांडणं.

हा सुळका कुठल्या पुस्तकातला नाही, या लेखापुरताच उभा केला आहे. अद्भुत कथा वाचणाऱ्याला आणि लिहू पाहणाऱ्याला एक कोडं नेहमी पडतं. एखादी जीवघेणी जादुई जागा खरी वाटते आणि दुसरी नाटकाच्या रंगवलेल्या पडद्यासारखी, असं का? माझं मत असं की जादू एकच ठेवावी, तिचा नियम काटेकोर ठरवावा आणि मग त्या नियमाला मोकळं सोडावं. ‘त्या रानात गेलेला परत येत नाही’ हे वाक्य ऐकायला बरं वाटतं, पण त्यातून पुढे काहीच निघत नाही. थांब्यातून काय काय निघतं ते पाहू.

टोक फिरतं कसं

मोकळ्या जागेत काठी रोवून दिवसभर तिच्या सावलीच्या टोकाशी खुणा करत गेलं, तर संध्याकाळी त्या खुणांची एक रेघ तयार झालेली दिसते. विषुवदिनाला, म्हणजे दिवस-रात्र समान असतात तेव्हा, ही रेघ सपाट जमिनीवर जवळपास सरळ येते. इतर दिवशी ती वाकते. दुसऱ्या दिवशीची रेघ पहिल्या दिवशीच्या किंचित बाजूला पडते, कारण सूर्य रोज थोडा उत्तरेला किंवा दक्षिणेला सरकलेला असतो.

आता यातली महत्त्वाची गोष्ट. जमिनीवरचा एक बिंदू घ्या. सावलीचं टोक त्या बिंदूवर यायचं तर सूर्य आकाशात एका ठरावीक जागीच असावा लागतो. सूर्य तिथं वर्षातून दोनदाच येतो: एकदा उत्तरायणात, एकदा दक्षिणायनात. म्हणजे थांब्याच्या माळावर टोक जिथं पोचतं अशा प्रत्येक जागेचे वर्षात दोन दिवस ठरलेले. एका दिवशी माणूस अडकतो, दुसऱ्या दिवशी सुटतो.

हे दोन दिवस अयनदिनाच्या, म्हणजे जून आणि डिसेंबरात सूर्य उत्तर-दक्षिण चालीत मागे वळतो त्या दिवसाच्या, दोन्ही बाजूंना सारख्याच अंतरावर असतात. त्यामुळे हिशोब सोपा आहे: पुढचा अयनदिन जितके दिवस लांब, त्याच्या दुप्पट दिवस थांबायचं. आपल्या पंचांगात बसवून पाहू. १० मेला अडकलेला माणूस २१ जूनच्या अलीकडे ४२ दिवसांवर आहे, म्हणून तो सुमारे ८४ दिवसांनी, २ ऑगस्टच्या आसपास सुटेल. त्याच जागी दुसरा कुणी २ ऑगस्टला अडकला तर? पुढचा अयनदिन थेट डिसेंबरात. त्याची सुटका पुढच्या वर्षी १० मेला, म्हणजे सुमारे २८१ दिवसांनी. जागा तीच, सावली तीच, किंमत तिप्पट.

नियम एका ओळीचा आहे, पण तो ठरवताना हे मुद्दाम कुणी योजलेलं नव्हतं. सूर्याच्या चालीतून ते आपोआप आलं. कल्पित जगाला वजन येतं ते अशा गोष्टींनी. लेखकाला स्वतःला जे सुचलं नसतं ते नियम सुचवतो.

अयनदिनाच्या आसपासचे दिवस तर फारच गमतीचे. तेव्हा सूर्य उत्तर-दक्षिण जवळजवळ हलतच नाही, त्यामुळे दुपारच्या सुमाराला पडणारी टोकाची रेघ रोज आदल्या दिवशीच्या रेघेला जवळजवळ चिकटून पडते. आज अडकलेला उद्या सुटतो. गावातली पोरं पैजा लावून टोकाखाली उभी राहत असतील तर ती याच दिवसांत, आणि आयांचा मार खात असतील तोही याच दिवसांत.

विषुवदिनाजवळ उलट. सूर्य तेव्हा रोज सुमारे ०.४ अंश सरकतो. सूर्य ४५ अंशांवर असताना सावली सुळक्याच्या उंचीइतकीच, म्हणजे २०० मीटर लांब असते, आणि तिथं लागोपाठच्या दोन दिवसांच्या रेघांमध्ये पावणेतीन मीटरांचं अंतर पडतं. माणसाची रुंदी अर्धा मीटर. मग परतीच्या दिवशी टोक नेमकं त्याच्या अंगावरूनच जाईल याची खात्री कोण देणार? हातभर अंतरावरून निघून गेलं तर पुन्हा पुढच्या फेरीची वाट. त्या फेरीतही हुकू शकतं. जादूत खोट काहीच नाही, सूर्य दिवसातून एकच फेरी मारतो एवढंच. पण त्यामुळे माळावर दोन तऱ्हेची माणसं उभी असतात: थांबलेली आणि हुकलेली. हुकलेल्यांतली काही कित्येक वर्षांपूर्वीचे कपडे घालून उभी आहेत.

पळून सुटता येतं का

वेळेवर अवलंबून आहे. दुपारी सावली आखूड असते आणि तिचं टोक रांगतं. संध्याकाळी मात्र ते माणसाला गाठतं. जिथं सूर्य जवळपास सरळ खाली उतरतो अशा भागाचं गणित मांडू. सूर्य क्षितिजापासून १० अंशांवर असेल तर २०० मीटरच्या सुळक्याची सावली ११३४ मीटर लांब जाते आणि तिचं टोक तासाला पावणेदोन किलोमीटरच्या आसपास वेगाने पुढे सरकतं. चालणारा माणूस आरामात सुटेल. सूर्य ५ अंशांवर आला की टोकाचा वेग तासाला सात किलोमीटरच्या घरात. भरभर चालणाराही मागे पडतो. ३ अंशांवर तो एकोणीस किलोमीटर, म्हणजे चांगला धावपटू हवा. २ अंशांवर चाळिसाच्या पुढे, तिथं घोडाच लागतो, आणि सावली तोवर पावणेसहा किलोमीटरवर पोचलेली असते.

या आकड्यांवरून गाव कुठे वसेल तेही ठरतं. सुळक्याच्या ज्या अंगाला सावली कधीच फिरकत नाही, तिथली जमीन सोन्याच्या भावाची. लांब पूर्वेकडच्या वस्त्यांना सुळका बोटाएवढा दिसतो, पण संध्याकाळच्या टोकाची सगळ्यात जास्त भीती त्यांनाच. सुळक्याला खेटून राहणारे दुपारी निर्धास्त जेवतात.

शहाण्या वाचकाच्या मनात इथं एक शंका येईल: एवढ्या लांब सावलीचं टोक दिसतं तरी का? खरंच दिसत नाही. सूर्य हा ठिपका नसून आकाशात अर्ध्या अंशाची थाळी आहे, म्हणून प्रत्येक सावलीला धूसर कड असते. सुळक्यापासून एक किलोमीटरवर ही धूसर पट्टी साधारण नऊ मीटर रुंद होते. त्यात टोक निमुळतं. एक मीटर रुंदीच्या वस्तूची गडद सावली जेमतेम १०७ मीटरपर्यंत पोचते, त्यापुढे नुसता पुसट अंधार उरतो. म्हणजे थांब्याचं टोक जिथं सर्वांत वेगाने धावतं तिथंच ते डोळ्यांना दिसत नाही. ते आहे, पण कुठे आहे हे सांगता येत नाही. राक्षस, किंकाळ्या, लाल डोळे यांतलं काहीही न आणता मला इथं भीती वाटते.

खऱ्या जगातली एक अशीच जागा

घड्याळाप्रमाणे जीव घेणारी जागा खऱ्या जगातही होती आणि आहे. आजच्या तुर्कस्तानात पामुक्कलेजवळ हिएरापोलिस नावाच्या प्राचीन शहराचे अवशेष आहेत. तिथल्या एका गुहेला लोक पाताळाचं दार मानत. बैल आत नेले की कोसळून मरत, त्यांना नेणारे पुजारी मात्र चालत बाहेर येत. ग्रीक भूगोलकार स्ट्रॅबोने तिथं चिमण्या सोडून पाहिल्या आणि त्या तत्काळ मेल्या असं लिहून ठेवलं. पुजारी श्वास रोखून धरत असावेत अशी शंकाही त्याने नोंदवली आहे.

२०१३ मध्ये इटालियन पुरातत्त्वज्ञांनी ही जागा सापडल्याचं जाहीर केलं. पुढे झालेल्या मोजणीत कारणही स्पष्ट झालं. जमिनीच्या भेगेतून कार्बन डायऑक्साइड वर येतो. हा वायू हवेच्या सुमारे दीडपट जड, म्हणून तो खाली साचून राहतो. रात्रभर साचलेला थर पहाटे सर्वांत दाट असतो आणि ऊन तापलं की विरतो. बैलाचं तोंड त्या थरात, उभ्या माणसाचं तोंड त्याच्या वर. कुठे उभं राहायचं, कधी जायचं आणि किती वेळ थांबायचं हे पुजाऱ्यांना अनुभवाने ठाऊक होतं.

थांब्यासाठी यातून घेण्यासारखं बरंच आहे. पहिली गोष्ट, धोक्याला उंची आणि वेळ आहे. दुसरी, तो सगळ्यांना सारखा नाही. तिसरी मला सर्वांत मोलाची वाटते: ज्यांना नियम कळला ते पुजारी झाले. जीवघेण्या जागेशेजारी असं एक घराणं किंवा पंथ हमखास उभा राहतो. थांब्याच्या गावात टोकाच्या रेघा आखून ठेवणारे राखणदार असणार. कुणाची सुटका कोणत्या दिवशी हे त्यांच्या वहीत असणार, आणि ती वही दाखवायचे ते पैसे घेणार. भोळ्या गावकऱ्यांना वाटणार की माणूस मंत्राने सुटला.

नियम कुणालाच ठाऊक नसला तर काय होतं, याचं उदाहरण कॅमेरूनमधलं न्योस सरोवर. २१ ऑगस्ट १९८६ च्या रात्री त्याच्या तळाच्या पाण्यात विरघळून राहिलेला कार्बन डायऑक्साइड एकाएकी उसळून बाहेर आला आणि दऱ्यांतून खाली पसरला. सुमारे १७०० माणसं आणि हजारो गुरं गुदमरून मेली. २००१ पासून तिथं नळ टाकून खोल पाण्यातला वायू थोडाथोडा बाहेर काढला जातो. ही शोकांतिका आहे, तिच्यावर अद्भुताची कलाकुसर करायला माझं मन होत नाही. फरक तेवढा दिसावा म्हणून सांगितलं: न्योसच्या काठच्या माणसांना निवड करायची संधीच मिळाली नाही. कथेतल्या माणसाला ती मिळावी लागते. महाभारतातलं यक्षाचं तळं घ्या. पाण्यात खोट नव्हती. आधी उत्तरं दे, मग पाणी पी, ही अट यक्षाने स्पष्ट ऐकवली होती. चौघा पांडवांनी ती ऐकली, तहानेपुढे मोडली आणि ते पडले. आपण ते वाचताना अस्वस्थ होतो, कारण आपणही ती अट ऐकलेली असते.

फटी बुजवणं

एक नियम केला की त्याला फटी पडतात आणि वाचक त्या हटकून शोधतो. थांबलेल्या माणसाला उचलून आजच्या रेघेवर नेऊन ठेवलं तर? मग तो आजच सुटेल आणि सगळी भीती संपेल. म्हणून ठरवून टाकावं लागतं की थांबलेला माणूस हलत नाही, ढकलला जात नाही, त्याला जखमही होत नाही. वस्तूंचं काय? अंगावरचे कपडे आणि हातातलं सामान माणसाबरोबर थांबतं, सुटी वस्तू थांबत नाही. हे कथेत सांगायची गरज नाही, पण लिहिणाऱ्याला माहीत हवं.

ढगांची फट मात्र मी बुजवणार नाही. आभाळ भरलं की सावली पडत नाही. अडकायच्या दिवशी ही कृपा. सुटायच्या दिवशी? आपल्या १० मेच्या माणसाची सुटका ऑगस्टच्या सुरुवातीला आहे. त्या जगात तेव्हा पावसाळा असेल आणि नेमक्या त्या मिनिटाला ढग आला, तर पुढची संधी थेट पुढच्या मेमध्ये. घरचे लोक वर पाहत उभे आहेत, राखणदार वही मिटतो, पाऊस सुरू होतो. माझ्या मते थांब्याच्या कथेतलं सर्वांत क्रूर दृश्य हेच, आणि त्यात खलनायक नाही.

असाच दुसरा प्रकार मायेपोटी घडतो. उभ्या माणसाला ऊनपाऊस लागू नये म्हणून बायको त्याच्यावर छप्पर घालते. त्याला ऊनपाऊस लागतच नव्हता, आणि आता टोक छपरावर पडणार. कुणी वेळीच सांगितलं नाही तर तो त्या छपराखालीच राहील. राखणदारांना हे कळतं, पण कुणाशी त्यांचं वाकडं असेल तर ते बोलतीलच असं नाही.

चांदण्याचा प्रश्न अवघड आहे. पौर्णिमेच्या रात्री थांब्याची सावली पडते आणि तिलाही टोक असतं. ती धरायची का? धरली तर चंद्र महिनाभरातच आपली उत्तर-दक्षिण फेरी पुरी करतो, म्हणून वर्षाची शिक्षा एका रात्रीत सुटू शकेल. सूर्याचा हिशोबच त्यामुळे कोलमडतो. पण चंद्राची एक चाल मोहात पाडते. त्याची कक्षा सूर्याच्या वाटेला सुमारे ५ अंशांनी कललेली आहे, आणि १८.६ वर्षांच्या चक्रात काही काळ तो सूर्यापेक्षाही बराच जास्त उत्तर-दक्षिण जातो. त्या काळात त्याची सावली अशा जमिनीवर पोचते जिथं सूर्याची कधीच पोचत नाही. सोन्याच्या भावाने घेतलेली जमीन, सतरा-अठरा वर्षं सुखाने नांदलेलं घर, आणि मग ते एक वर्ष. मी असा तोडगा काढेन: चांदण्याची सावली अडकवते, सोडवत नाही. सोडवणारं टोक फक्त सूर्याचं. मग त्या जमिनीवर अडकलेल्याला सुटकाच उरत नाही, कारण सूर्य तिथं येणारच नाही.

माणसांच्या बाजूने फटी आणखी निघतात. वैद्य यायला दोन महिने असतील तर अत्यवस्थ रोग्याला मुद्दाम टोकाखाली नेऊन बसवता येईल. सावकार चुकवणारा ऋणको माळावर जाऊन उभा राहील आणि व्याज मात्र चढत राहील. थोरला भाऊ हुकलेल्यांत गेला आणि दहा वर्षांनी परतला, तर थोरला कोण? वारसा कुणाचा? आणि कुणी कुणाला २ ऑगस्टला ढकललं आणि कुणी १० मेला, तर दोघांना सारखी शिक्षा द्यायची का? त्या गावचा न्यायाधीश खगोलशास्त्र शिकलेला असावा लागेल.

गूढ कुठे ठेवायचं

एवढं गणित मांडल्यावर गूढ उरतं का, असं कुणी विचारेल. उरतं, कारण गणित ‘कसं’चं आहे. ‘का’ला आपण हात लावलेला नाही. हा सुळका असं का करतो, कुणी केला, त्याला काही हवं आहे का, हे मी सांगणार नाही. तिथं गावकऱ्यांना आपापली उत्तरं देऊ द्यावीत, ती एकमेकांशी जुळली नाहीत तरी चालेल.

माणसं अशी उत्तरं किती तपशिलात देतात याचा एक पुरावा नकाशांत आहे. होकायंत्राची सुई उत्तरेकडे का वळते हे कळत नव्हतं, तेव्हा उत्तर ध्रुवावर चुंबकाचा प्रचंड काळा खडक आहे अशी समजूत होती. नकाशाकार मर्केटरने १५६९ च्या आपल्या नकाशात तो खडक चक्क काढला. भोवती समुद्र, चार बाजूंनी आत ओढणारे प्रवाह, आणि मधोमध तो. ही माहिती त्याला जुन्या लेखी वर्णनांतून मिळाली होती. डोळ्यांनी पाहिलेला माणूस कुणी नव्हता. १८३१ मध्ये ब्रिटिश दर्यावर्दी जेम्स क्लार्क रॉस आर्क्टिकमधल्या चुंबकीय उत्तर ध्रुवाच्या जागी पोचला तेव्हा तिथं डोंगर नव्हता, सपाट ओसाड किनारा होता. सुई वळत होती हे खरं. खडक माणसांनी घातलेला.

थांब्याच्या माळावरही हेच चालणार. टोकाची रेघ सगळ्यांना सारखी मान्य आणि सुळक्याबद्दलच्या कथा घरोघरी वेगळ्या. एखादी कथा धर्म होईल, एखादीवरून दंगल होईल.

आणि कधीतरी कुणी राजा म्हणेलच की हा सुळका पाडून टाका. ऐकायला शहाणपणाचं वाटतं. पण थांबलेल्या प्रत्येकाची सुटका या सुळक्याच्या नेमक्या उंचीला बांधलेली आहे. निम्मा सुळका पाडला तर टोक फिरतं तो सगळा प्रदेश निम्म्या मापाने आत आकसतो. या नव्या हद्दीत जे राहिले त्यांचे दिवस बदलतील, काही लवकर सुटतील, काही उशिरा. जे बाहेर राहिले त्यांच्यावर टोक पुन्हा येणार नाही. पूर्ण पाडला तर कुणावरच येणार नाही. तेव्हा पहारी घेऊन आलेल्या मजुरांपुढे आडवे पडणारे पहिले लोक राखणदार नसतील. ज्यांचं कुणी माळावर उभं आहे ते असतील, आणि त्यांना हटवायचं की नाही हे ठरवण्याआधी राजाला राखणदारांची वही मागावी लागेल.